मुलीच्या खोलीतला दिवा

वायरमन आला तेव्हा आई भाजी निवडत होती. हात पुसत तिनं त्याला मुलीच्या खोलीत नेलं. लेक जाऊन वर्ष होत आलं होतं, तरी तिच्या उशीचा अभ्रा धुवायला आईचा हात धजावत नव्हता.

“संध्याकाळी लावला की दिवा आपोआप मंद होतो,” ती म्हणाली. “हळूहळू... कुणी बटण फिरवल्यासारखा.”

पलंगावर चढून, टाचा उंचावून ते गोल बटण लेकच फिरवायची. आईला वाटे, अजूनही तीच फिरवते. म्हणून तिनं आजवर या दिव्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. वायरमनला बोलावलं ते बाबांनी.

त्यानं बटणाची पट्टी उघडली, टेस्टर लावला आणि हसला. “काकू, हा फिरवायचा डिमर जुना, बल्ब नवा. सासू-सुनेसारखं चाललंय दोघांचं.” पिशवीतला जुना तारेचा बल्ब त्यानं लावून पाहिला. उजेड स्थिर राहिला. नवा लावला, तो पुन्हा उतरत गेला.

“म्हणजे... बिघाडच?”

“मग दुसरं काय असणार?”

याला काही सापडू नये, एवढंच तर तिनं देवाकडे मागितलं होतं.

“काढूनच टाका तो डिमर,” बाबा दारातून म्हणाले. “साधं बटण बसवा.” मग तिच्याकडे न बघता, हळूच, “किती दिवस अशी दिव्यासमोर बसणार आहेस गं?”

काम झालं. वायरमनला पोचवायला बाबा खाली गेले. खिडकीबाहेर अंधारून आलं. आईनं नवं बटण दाबलं आणि ती पलंगावर बसली. दिवा भगभगीत, ढिम्म. बराच वेळ वाट पाहून, डोळे पुसून ती उठणार, तोच उजेड उतरू लागला.

भिंतीवर आता फिरवायला काहीच नव्हतं. तरी तो उतरत होता, तसाच, हळूहळू. उशीचा वास खोलीभर दाटला.

“आलीस, बाळा...”

उजेड मिणमिणता झाला. लेक फिरवताना इथंच थांबायची. गुडुप अंधारात ती कधी झोपलीच नाही.

आई हात जोडून थांबली. दिवा थांबला नाही. तो पार विझला.

जिन्याखालून बाबांचं आणि वायरमनचं बोलणं ऐकू येत होतं. आई भिंत चाचपत बटणापर्यंत गेली. तिथं आधीच एक हात होता.

तो लहान नव्हता.