चाळीसावं दार

मे महिन्यातल्या भर दुपारी जळगावच्या रस्त्यावर माणूस दिसला, तर तो एक तर परगावचा असतो, नाही तर त्याचं काहीतरी अडलेलं असतं. भाईदास पाटलांचं अडलेलं होतं. डोक्याला पंचा गुंडाळून आणि ऊन लागू नये म्हणून खिशात कांदा ठेवून ते एसटी स्टँडवर धुळ्याच्या गाडीची वाट बघत होते. साडेबाराला गाडी लागली आणि कंडक्टरने खिडकीतूनच एक खाकी पाकीट पुढे केलं.

"हाई ल्या. जपीसन न्या, बरं का. पोरनी तीन येळा सांगेल शे."

पाकिटात एक फ्लॉपी होती आणि पुष्पाची चिठ्ठी. पुष्पा म्हणजे भाईदासांच्या थोरल्या भावाची, सुपडूभाऊंची मुलगी. ती धुळ्याला कॉम्प्युटर शिकवते. आणि फ्लॉपीत काय, तर खेळ. तीस वर्षं टायपिंग इन्स्टिट्यूट चालवलेला चोपन्न वर्षांचा माणूस खेळापायी उन्हात करपतो, त्याला कारणही तसंच होतं. ते आधी ऐका.

सुपडूभाऊ असोद्याचे, जन्म केळीत गेलेला. गेल्या नोव्हेंबरात, अठ्ठ्याण्णव साली, बांधावरून पाय घसरला आणि नडगी मोडली. भाईदासांनी त्यांना प्लास्टर घालून जळगावला आपल्याकडे आणलं. पडून पडून माणूस आंबून गेला. जावयाने सुरतेहून हातात मावणारं खेळाचं यंत्र आणून दिलं, पण घड तोडून तोडून भाऊंची बोटं अशी जाड, की एक बटण दाबायला जावं तर तीन दाबली जायची. पडदा काड्यापेटीएवढा, तो काही दिसायचा नाही. मग पुष्पाने युक्ती केली. इन्स्टिट्यूटमधल्या कॉम्प्युटरवर तिने एक प्रोग्रॅम चढवला, त्याला एम्युलेटर म्हणतात. त्याचं काम म्हणजे सोंग घेणं. मोठा कॉम्प्युटर त्या छोट्या यंत्राचं सोंग घेतो आणि तिथले खेळ इथे मोठ्या पडद्यावर चालतात.

खेळ साधाच होता. एक एवढासा माणूस डोंगराच्या पोटात शिरतो. आत एकामागून एक बंद दारं, आणि प्रत्येक दाराची किल्ली कुठेतरी दडवलेली. दुपारी एक ते तीन इन्स्टिट्यूट बंद असे, तेवढ्या वेळात भाऊ प्लास्टरचा पाय स्टुलावर ठेवून दारं उघडत बसत. भाईदासांना ते पोरकट वाटायचं. "ह्या वयात..." एवढं म्हणून ते वर घरात जेवायला निघून जात. तीन महिन्यांत एकदाही शेजारी बसले नाहीत.

फेब्रुवारीत, प्लास्टर निघायला आठ दिवस उरले असताना, भाऊ त्याच खुर्चीत गेले. समोर खेळ चालूच होता.

दहाव्याला कावळा शिवेना. वहिनीला अंतर देणार नाही म्हणून झालं, केळी मोडणार नाही म्हणून झालं, पुष्पाचं माहेर तुटू देणार नाही म्हणून झालं. कावळा आपला बाभळीवर ढिम्म. ऊन चढलं, पोटात कावळे ओरडायला लागले, पण जो शिवायला हवा तो गप्प. शेवटी भाईदास पुढे झाले आणि कुणाला ऐकू जाणार नाही असं पुटपुटले, "भाऊ, तुहा खेळ मी पुरा करतो." कावळा उतरला आणि शिवला.

शब्द दिला खरा, पण मग परीक्षांचे दिवस आले, आणि एप्रिलात व्हायरसने कॉम्प्युटर असा धुतला की सगळं पुसून कोरं करावं लागलं. भाऊंचा खेळही गेला. पुष्पाकडे फ्लॉपीवर एक प्रत होती. एकच.

भाईदास घरी आले. बायको लग्नसराईला जामनेरला गेलेली, त्यामुळे वर कुणी नव्हतं. त्यांनी इन्स्टिट्यूटचं शटर अर्धं उचललं, आत शिरले आणि पुन्हा खाली ओढलं. दुपारीही तिथे अंधारच असे. कुलरमधल्या वाळ्याचा ओला वास, त्यात मशीन ऑइल आणि कार्बन पेपरचा वास. दोन्ही भिंतींना कापडी टोप्या घातलेले टाइपरायटर मुकाट बसलेले. चिठ्ठी स्वच्छ अक्षरात होती. वडिलांना ती आबा म्हणायची. "काका, फ्लॉपीत तीन फाईली आहेत. एक प्रोग्रॅम, दुसरी खेळ. तिसरी सगळ्यात लहान, तिच्यात आबांनी खेळलेलं सगळं जपून ठेवलंय. आधी तिन्ही कॉम्प्युटरवर उतरवून घ्या, फ्लॉपीवरून चालवू नका. फाईल उघडली की बाणांनी चालायचं. ए म्हणजे हो."

आता भाईदास पडले टायपिंगवाले. मूळ प्रत हाताशी असताना नकलेवरून काम करायचं नाही, हा त्यांचा जन्माचा नेम. त्यांनी फ्लॉपीवरूनच प्रोग्रॅम चालू केला. करकर करत फ्लॉपी फिरली, करड्याहिरव्या पडद्यावर डोंगर उभा राहिला. नवा खेळ, की चालू खेळ, असं इंग्रजीत विचारलेलं. ते त्यांनी वाचायच्या आधी बोटांनी घात केला. टायपिंगचा माणूस कुठल्याही मशीनसमोर बसला की बोटं आधी ए एस डी एफ करून बघतात, गवयाने घसा साफ करावा तशी. डावी करंगळी ए वर दोनदा पडली. पहिल्या ए ने नवा खेळ निवडला. दुसऱ्या ए ने, जुना पुसू का, याला हो म्हटलं. फ्लॉपीचा हिरवा दिवा क्षणभर लागला आणि विझला. पडद्यावर आलं, उघडलेली दारं शून्य.

त्या दिवशी भाईदास जेवले नाहीत. भाऊने शाळा सोडून नांगर धरला म्हणून आपण टायपिंग शिकलो, आणि त्याच टायपिंगने भाऊचं होतं नव्हतं ते पुसलं. स्वतःच्या बोटांची त्यांना शिसारी आली. पुष्पाला कळवायचा धीर झाला नाही. उद्यापासून पहिल्या दारापासून आपणच खेळायचं आणि शब्द पाळायचा, एवढं त्यांनी ठरवलं.

दुसऱ्या दिवशी दोन तास घाम गाळून एक दार उघडलं. तिसऱ्या दिवशी बसले, तर उघडलेली दारं चार.

आपलीच मोजण्यात चूक, असं म्हणून त्यांनी बाणाच्या बटणावर बोट ठेवलं. बोट चिकटलं. बटणावर काळपट डाग होता. असोद्याच्या माणसाला तो सांगायला लागत नाही. केळीचा चीक. वाळला की डाग पडतो आणि जन्मात जात नाही, आणि ओला असतो तो तोडणीच्या दिवशीच. हा ओला होता. परीक्षांनंतर क्लासला सुट्टी, शटरची किल्ली एकच, ती भाईदासांच्या करदोट्याला बांधलेली. आणि भिंतीशी ठेवलेलं स्टूल खुर्चीसमोर येऊन उभं होतं.

चौथ्या दिवशी ते वर जेवायला बसले. घास तोंडात असताना खालून आवाज आला. टक... टक टक... टक. आवाजावरून हात ओळखायची तीस वर्षांची सवय. हा एका बोटाचा हात, थांबत थांबत, पण दर वेळी लागतं त्याहून जोरात. घास तसाच ताटात ठेवून ते खाली आले. शटर उचललं. आवाज थांबला. बंद केलेला कॉम्प्युटर चालू होता. पडद्यावर तो एवढासा माणूस सातव्या दारासमोर उभा होता.

बाहेर चव्वेचाळीस डिग्री, आणि भाईदासांच्या पायाचे तळवे गार पडले.

"भाऊ...?"

कुलरची घरघर तेवढी चालू होती. भाईदासांनी दुसरी खुर्ची ओढली, स्टुलाला धक्का लागणार नाही अशी.

"मी... बसू का शेजारी?"

भाईदास बसले. हात मांडीवर घेतले. डाव्या बाणाचं बटण आपोआप खाली गेलं आणि वर आलं. पडद्यावरचा माणूस एक पाऊल डावीकडे सरकला, जणू जागा करून देत होता.

भीती मग किती दिवस टिकणार? तीन-चार दिवस टिकली. पुढे भाईदास जेवण उरकून एकच्या आत खाली यायला लागले. एक दार भाईदासांनी उघडायचं, दोन भाऊंनी. ते अडले की बटण आपण होऊन दबायचं आणि किल्ली सापडायची. "ही मले दिसलीच नाही, भाऊ," भाईदास कबूल करायचे. लहानपणच्या गोष्टी निघायच्या, म्हणजे भाईदासच काढायचे. आयुष्यात दोघं भाऊ इतका वेळ कधी शेजारी बसले नव्हते. मेलेल्या माणसाशेजारी बसून मन तृप्त होतं, हे कुणाला सांगायची सोय नव्हती, पण झालं होतं तसं खरं.

एकोणचाळीस दारं उघडली. समोर चाळीसावं. त्यापुढे डोंगर संपत होता.

तिथे भाईदास अडून बसले. हे उघडलं की खेळ पुरा, शब्द पुरा, भाऊ मोकळा. मग उद्या दुपारी खाली यायचं कुणासाठी? ते रोज येत, बसत, हात मांडीवर ठेवत. टकटकही थांबली होती. पलीकडचा पण वाट बघत होता.

असे चार दिवस गेल्यावर असोद्याहून यशोदावहिनी आल्या, भाऊंच्या विधवा. भाईदासांना राहवलं नाही, त्यांनी सगळं सांगून टाकलं. वहिनी घाबरतील वाटलं होतं. त्यांनी नुसता स्टुलावरून हात फिरवला.

"भाऊजी, तुमाले एक सांगू? तीन महिने ते म्हनत होते, मले घरी ने. तुमी म्हनले, प्लास्टर निघू द्या."

"माझंच चुकलं, वहिनी."

"मंग आनलं ते अंगनातच ठेवलं. बाहेर जीव गेलेल्या मानसाले उंबऱ्याच्या आत घेत नाहीत. मी दारात उभी, अन् ते अंगनातूनच गेले." वहिनींनी डोळ्याला पदर लावला. "त्यायले आता अडकवू नका. दिलेला शब्द पुरा करा."

"मला करमणार नाही..."

"मले करमते का?"

भाईदासांनी वहिनींना खुर्चीत बसवलं, त्यांचं बोट ए वर ठेवलं आणि बाण आपण धरले. चाळीसावं दार बाकीच्यांसारखं नव्हतं. ती एकेरी होती, हे दोन फळ्यांचं, वर गोल कड्या, खाली उंबरा. वहिनी ते टक लावून बघत राहिल्या. मग त्यांनी बोट दाबलं. दोन्ही फळ्या उघडल्या. तो एवढासा माणूस उंबरा ओलांडून आत गेला आणि पडदा तसाच राहिला, उघड्या दाराचा. संगीत नाही, समाप्त नाही, काही नाही. भाईदास लहान मुलासारखे रडले, आणि रडून झाल्यावर त्यांना फार हलकं वाटलं. तीन वाजता त्यांनी कॉम्प्युटर बंद केला. वहिनी पाचच्या गाडीने असोद्याला गेल्या. गाडीत चढताना त्या हसल्या होत्या.

दिवेलागणीला भाईदासांनी धुळ्याला पुष्पाला फोन लावला. फाईल पुसल्याचंही सांगायचं होतं, आणि शब्द पाळल्याचंही.

"पुष्पा, झाला एकदाचा पुरा. चाळीसावं दार उघडलं आज."

"चाळीसावं कुठलं, काका?"

"शेवटचं. तुझ्या आईनेच उघडलं."

"काका, त्या खेळात एकोणचाळीसच दारं आहेत. एकोणचाळीसावं उघडलं की तो माणूस खाली बसतो आणि खेळ संपतो. आबांनी जानेवारीतच पुरा केला होता, मला फोन करून सांगितलं होतं. नंतर आपले पुन्हा पुन्हा खेळायचे, दुसरं काय करणार... काका? ऐकताय ना?"

भाईदासांनी फोन ठेवला आणि लगेच असोद्याचा नंबर फिरवला. वहिनींच्या शेजारी बन्सीलाल राहतात, त्यांच्याकडे फोन आहे. त्यांनी वहिनींना हाक मारली. पावलं वाजली.

"वहिनी, नीट पोचल्या ना?"

"पोचली. मी तुमालेच फोन कराले येत होती." आवाज शांत होता, लग्नघरातल्या बाईसारखा भरलेला. "सकाळी मी कुलूप लावीसन आली होती. कुलूप तसंच कडीले हाये, किल्ली माह्या कमरेले. पन दार उघडं हाये, दोन्ही फळ्या."

"वहिनी, आत जाऊ नका. मी निघतो..."

"मी आत जाईसनच आली, भाऊजी. खाटेवर बसेल हायेत, पाय लांब करून. पाय चांगला झाला त्यायचा. तुमी नका येऊ आज. मले सैपाक करायचा हाये. फक्त त्यायनं एक निरोप सांगेल हाये."

"काय...?"

"म्हनले, भाईदासले सांग, तिकडचं दार लावून घे. माह्या मागून अजून कोनी कोनी येऊ राह्यलं."

वहिनींनी फोन ठेवला. भाईदास रिसीव्हर हातात धरून उभे राहिले. कॉम्प्युटर त्यांनी तीन वाजताच बंद केला होता. ते दार लावायचं कुठून, हे त्यांना ठाऊक नव्हतं.