अण्णांची तार आणि कोडवाला पावणा

“टी ब्याऐंशी... पॉइंट एक दोन शून्य... ए.”

शेजारी बसलेला मुलगा हे असलं काहीतरी पुटपुटला आणि मी झटकन मान वळवली. हॉस्पिटलच्या दुसऱ्या मजल्यावरचा बाक, माझ्या मांडीवर अण्णांची फाईल, खिडकीबाहेर भुरभुर पाऊस... आणि हा गडी खुशाल माझ्या फाईलीत डोकावत होता!

“काय म्हणालासा?”

“सॉरी... सवय आहे हो.” तो गडबडला. “पेसमेकरची तार सरकलीय ना? त्याचा कोड. मी मेडिकल कोडिंग करतो. अमेरिकेतल्या पेशंटचे कागद वाचायचे आणि जे झालं असेल त्याला नंबर लावायचा. तार तुटली तर वेगळा, सरकली तर वेगळा. हा महिनाभर मला सगळ्या सरकलेल्याच आल्यात.”

“ह्ये माझं वडील हायत. नंबर न्हाईत!”

माझा आवाज तसा मोठाच. समोरच्या बाकावरची माणसं वळून बघायला लागली. तो कानापर्यंत लाल झाला, चष्मा काढून पुसायला लागला. चष्म्याशिवाय बरा दिसत होता. एवढ्या रागातसुद्धा मला ते दिसलं, याचा मला आणखी राग आला.

मी संयोगिता, उचगावची. गावच्या दूध संस्थेत फॅट काढते, म्हणजे कुणाचं दूध किती कसदार ते मशीनवर तपासते. आमच्याकडं बायकासुद्धा ‘मी येतो, मी जातो’च म्हणतात. लिहिताना मी तेवढं सांभाळते, बोलताना नाही जमत. आई जाऊन सहा वर्षं झाली. घरात आम्ही दोघं, मी आणि अण्णा, आणि तीन म्हशी.

बारा दिवसांपूर्वी अण्णांच्या छातीत पेसमेकर बसवला होता. आज सकाळी ते गोठ्यात चक्कर येऊन पडले. एक्स-रे काढला तर आतली तार जागेवरनं हललेली. डॉक्टरांनी विचारलं, “डावा हात वर केला होता का?” अण्णा म्हणाले, “न्हाय बा.”

अण्णा खोटं बोलले. कुणासाठी, ते मला एकटीलाच माहीत होतं.

परवा मला संस्थेत जायला उशीर झाला होता. रेनकोट माळ्यावर. मी स्कुटी चालू करून दारातनंच ओरडले, “अण्णा, रेनकोट द्या की लवकर!” अण्णांनी हात वर करून काढला, दिला, मी घेतला आणि सुसाट निघाले. हात खांद्याच्या वर न्यायचा नाही, हे डॉक्टरांनी मलाच दोनदा बजावलं होतं.

आता डॉक्टर म्हणत होते, “कारण नसताना सरकली म्हणजे त्या जागी तार धरत नाही. ती काढून दुसरीकडं नवी घालावी लागेल. काम मोठं आहे. हात वर झाला असता तर हीच पुन्हा नीट बसवली असती.” ऑपरेशन परवा सकाळी. माझ्या गप्प बसण्यानं अण्णांचं ऑपरेशन मोठं होणार होतं, आणि बोलायला माझी जीभ उचलत नव्हती.

“एक विचारू?” मीच शेवटी त्या मुलाला म्हणाले. “तुमच्या त्या नंबरात लिवलेलं असतंय का... कुणाच्या चुकीनं झालं ते?”

“नाही.” त्यानं माझ्याकडं नीट बघितलं. “तार सरकली एवढंच. चूक कुणाची, ते आमचं काम नाही. कागदावर जे नाही ते आम्ही धरतच नाही. मनानं काही जोडायचं नाही. शंका आली तर डॉक्टरांना विचारायचं, तेही उत्तर त्यांच्या तोंडात न घालता.”

“लई सोपं काम हाय की मग.”

“लई अवघड आहे,” तो म्हणाला आणि पहिल्यांदा हसला.

दत्तप्रसाद त्याचं नाव. त्याची मावशी मीनाक्षी या वॉर्डात सिस्टर होती, तिला डबा द्यायला आला होता. दुसऱ्या दिवशी दुपारी परत हजर. हातात दोन डबे.

“मावशी दोनदा जेवत्यात?”

“नाही... मी काही गृहीत धरत नाही, पण तुम्ही जेवला नसाल.”

“ह्ये गृहीतच धरलासा की!”

तो पुन्हा लाल. मी डबा ओढून घेतला, कारण खरंच सकाळपासून पोटात काही नव्हतं. तेवढ्यात संस्थेतनं फोन आला. “एकशे चौदाचं फॅट एवढं कमी? पाणी घातलंय का बघा,” मी म्हणाले आणि फोन ठेवला.

“एकशे चौदा कोण?” त्यानं अगदी साळसूदपणे विचारलं.

“केरबा मामा.”

“माणूस आहेत ना? नंबर नाहीत ना?”

मला असलं हसू आलं... दोन दिवसांत पहिल्यांदा. आणि हसता हसता कधी डोळे भरले, कळलंच नाही. त्यानं पाण्याची बाटली माझ्या बाजूला सरकवली, आणि बोटं बोटांना लागल्यावर चटका बसल्यागत हात मागं घेतला. मग मी सगळं सांगून टाकलं. रेनकोट, माळा, अण्णांचा हात, सगळं.

मला वाटलं, म्हणेल, जाऊ दे हो, होतं असं. कसलं काय!

“डॉक्टरांना सांगायला हवं,” तो म्हणाला.

“तुमचाच नियम न्हवं? कागदावर न्हाय म्हंजे झालंच न्हाय!”

“तो माझा नियम. मी पेशंटला हात लावत नाही. डॉक्टर लावणार आहेत.” मग हळूच म्हणाला, “मी येऊ सोबत?”

“काय गरज न्हाय! माझं मी बघतो.”

डबा तसाच ठेवून मी उठले. रागानं नव्हे, खरं तर भीतीनं. अण्णांनी मला कधी बोट लावलं नव्हतं, पण डॉक्टरांसमोर त्यांना खोटं पाडल्यावर ते माझ्याशी बोलेनासे झाले तर मी कुठं तोंड दाखवणार होते?

तिसऱ्या दिवशी सकाळी आठला डॉक्टर राउंडला आले. मी वॉर्डच्या दारात उभी. वळून बघितलं तर पाठीमागं दत्तप्रसाद, शर्ट भिजलेला, चष्म्यावर पाऊस.

“बोलावलं नव्हतं,” तो पुटपुटला. “पण येऊ नका असंही...”

“गप उभं ऱ्हावा,” मी म्हणाले आणि आत गेले.

“डॉक्टर, अण्णांनी हात वर केलता. मी रेनकोट मागितला म्हणून. मी तसाच गेलतो निघून. अण्णा माझ्यासाठी खोटं बोलल्यात.”

डॉक्टरांनी एकदा अण्णांकडं बघितलं, पेन काढलं आणि फाईलीत लिहून घेतलं. “बरं झालं सांगितलंत. हीच तार परत बसवून बघू.”

डॉक्टर पुढच्या कॉटकडं गेले. अण्णा छताकडं बघत होते. मला रडू आवरेना.

“अण्णा, बोला की कायतरी...”

“काय बोलू? पाऊस हुता. भिजली असतीस की.”

एवढंच. मी कॉटवर डोकं ठेवून लहान पोरीसारखी रडले. अण्णांचा उजवा हात माझ्या डोक्यावर होता. मग त्यांची नजर दाराकडं गेली.

“ह्ये पावणं कोण?”

“दत्तप्रसाद. मीनाक्षी सिस्टरांच्या भनीचा ल्योक.”

“ह्यास्नी ठावं हुतं ह्ये?”

“...व्हय. काल सांगितलं.”

अण्णांनी त्याला खालपासनं वरपर्यंत न्याहाळलं. “मनात सलत हुतं, ते मला न्हाय सांगितलंस. ह्यास्नी सांगितलंस.”

मी मान खाली घातली. आता बोलणी बसणार.

“मग पावणं ऱ्हाऊ देत,” अण्णा म्हणाले. “चांगलं दिसत्यात.”

दुपारी डॉक्टर बाहेर आले. तीच तार, जागेवर बसलेली. आता महिनाभर हात खाली. मी बाकावर मटकन बसले. दत्तप्रसाद शेजारी बसला, मध्ये एका माणसाची जागा सोडून.

“अण्णा मघाशी जे म्हणाले...” त्यानं घसा साफ केला. “मी मनानं काही अर्थ लावत नाही. तुम्हाला... म्हणजे तुम्हाला काय वाटतं?”

आता ह्या माणसाला काय म्हणायचं! पण मी आज एकदा खरं बोलून बघितलं होतं, आणि मेले नव्हते.

“मला तुम्ही आवडतासा,” मी म्हणाले. “जलमभरासाठी. आणि काय लिवून घ्यायचं असंल तर घ्या.”

तो उठला. मला वाटलं, पळाला! पण त्यानं खिशातनं फोन काढला. “आई... हो, जेवलो. नाही, ऐक ना. मी उचगावच्या एका मुलीच्या प्रेमात पडलोय. हो. लग्नच.”

“अहो, आधी मला सांगायचं हुतं की!” मी ओरडले.

“आता सांगतो,” तो म्हणाला, मधल्या जागेवर सरकून माझ्या अगदी जवळ बसला, आणि फोन बंद न करताच सांगितलं.