असं घर अस्तित्वात नाही

अपिलाचे कागद आले की मी आधी साक्षी वाचते, निकाल नंतर. खालच्या कोर्टाचा निकाल आधी वाचला की डोकं त्याच्याच ताटाखालचं मांजर होतं. देवरावच्या अपिलातही मी तेच केलं. यवतमाळला दत्त चौकाजवळ माझं ऑफिस आहे. खाली चहावाल्याचा स्टो फुरफुरत असताना मी सहा वर्षांच्या उर्वशीची साक्ष वाचून काढली.

प्रकरण साधं होतं. महागाव तालुक्यात धरणात गेलेल्या एका गावाचं पुनर्वसन झालं आहे. तिथून उर्वशी हरवली आणि तिसऱ्या दिवशी धरणाच्या काठावर सापडली. अंगावर ओरखडा नाही, पोट भरलेलं. शेजारच्या देवरावआबांनी आपल्याला त्यांच्या घरी नेलं, असं तिनं सांगितलं. देवराव साठीचा, शेळ्या राखणारा. तेव्हा तो तापानं फणफणून खाटेवर पडला होता, असं त्याची बायको पंचफुला शपथेवर म्हणाली. पण बायकोची साक्ष कोण धरतो? अपहरणाबद्दल देवरावला सात वर्षांची शिक्षा झाली.

मला फट दिसली ती घरात. उर्वशीच्या साक्षीतलं आबांचं घर दगडी होतं. दार निळं, अंगणात विहीर, उंबऱ्याला घोड्याची नाल आणि तीही उलटी ठोकलेली. आत एक बुढी आजी, तिनं पोरीला जेवू घातलं, थोपटून झोपवलं. पोलिसांनी पंचनामा केला होता तो पुनर्वसनातल्या दोन खोल्यांचा. सिमेंटच्या भिंती, वर पत्रा. विहीर नाही, आजीही नाही.

अपिलात गंमत अशी, की साक्षीदार एका गोष्टीत खोटा ठरला म्हणून सगळाच खोटा ठरत नाही. दाणे ठेवायचे, भुसा पाखडायचा, ही आपल्या कोर्टांची रीत. सरकारी वकील म्हणणार, लेकरू आहे, घराचं सोडा, माणूस धरा. मला दाखवायचं होतं की इथे दाणा आणि भुसा वेगळे होतच नाहीत. ते घर नसेल तर तिथे नेणारा माणूसही नाही.

म्हणून अमरावतीच्या तुरुंगात मी देवरावला ती साक्ष मोठ्यानं वाचून दाखवली. पोरीची साक्ष पडद्याआडून झाली होती, आणि हा कानानं अधू. त्याच्या कानावर त्यातलं काहीच पडलं नव्हतं. असं घर आसपास कुणाचं नाही ना, एवढीच मला खात्री करायची होती.

उलट्या नालेचं वाक्य आलं तसं त्यानं मला हातानं थांबवलं.

"ते मायचं घर हाय, बाई. तीस सालं झाले, पान्याखाली हाय."

नाल त्यानंच लहानपणी ठोकली होती, आणि उलटी ठोकली म्हणून मार खाल्ला होता. पाणी यायच्या आधीच्या उन्हाळ्यात माय त्याच घरात वारली. पोरीला कुणीतरी सांगितलं असेल, मी म्हटलं. पण तो म्हणाला, तिच्या घरचे नेरकडून आलेले, जुनं गाव त्यांनी पाहिलंच नव्हतं.

मला भीती वाटली, पण ती वकिलाची भीती होती. हे कोर्टात कळलं तर पोरगी खरी ठरते आणि हा माणूस आत सडतो. हे कुणाजवळ बोलायचं नाही, असं मी त्याला बजावलं.

"मंग मायचं घर नाहीच म्हनून सांगसान?"

मी हो म्हटलं. त्यात खोटं काय होतं? पाण्याखालच्या घराला घर कोण म्हणतं? तो उठून उभा राहिला. मग सांगा म्हणाला.

नागपूरला न्यायमूर्तींना माझं म्हणणं पटलं. निकालपत्रात तसं वाक्यच आलं: साक्षीदाराने वर्णन केलेले घर अस्तित्वात नाही. संशयाचा फायदा मिळून देवराव सुटला. त्या दिवशी मला मनापासून आनंद झाला, हेही सांगते.

दिवाळीनंतर जेवायला या, असा देवरावचा निरोप आला. मी गेले. धरण तुडुंब होतं, पण गावापासून चांगलं लांब. पंचफुला ओट्यावर माझ्याशेजारी कापसाच्या वाती वळत बसली. देवराव अंगणात शेळ्यांना पाला टाकत होता. वाळला होता, पण चेहरा शांत होता.

समोरून उर्वशी आली. बापाला आवडत नाही तरी येतेच, असं पंचफुला म्हणाली. पोरीनं मला नीट निरखलं.

"तुमीच सांगतलं ना, आजीचं घर नाही म्हनून?"

मी मान डोलावली.

"आजी म्हने, घरच नाही त मी राहू कुठं?"

मला ते हसण्यावारी न्यायचं होतं. जमलं नाही. पंचफुला खाली मान घालून वात वळत राहिली.

आतून भाकरी थापल्याचा आवाज येत होता.

सून आहे का, मी विचारलं. त्यांना मूलबाळ नाही हे मला कागदांवरून ठाऊक होतं, तरी विचारलं. पंचफुलानं मानेनंच नाही म्हटलं.

देवराव हातपाय धुऊन आत गेला.

"हे सुटून आले तवापासून," पंचफुला हळू आवाजात म्हणाली, "म्या चूल पेटवलीच नाही, बाई."