पावसात आलेलं गिऱ्हाईक

पाऊस चुकवायला म्हणून तो दुकानात शिरला आणि थेट क्वेताच्या खुर्चीत येऊन बसला. केस खांद्याखाली आलेले, निथळणारे.

"कापू?" तिने कात्री वाजवली.

"नको. नुसतं बसू द्या... पाऊस थांबेपर्यंत."

"हे सरकारी केशकर्तनालय आहे, बुवा. धर्मशाळा नव्हे."

"मग पुसा तरी."

तिने पुसले. त्याचं नाव रादिम; गिटारवर रॉक गाणी गायचा. पुढे पुढे पाऊस नसतानाही तो येऊ लागला, टॉवेलखालून गुणगुणू लागला. पहाटे पोलिसांनी घरातून उचलून नेलेल्या एका शेजाऱ्यावरचं गाणं होतं ते. ऐकताना चर्चमधलं स्तोत्र ऐकल्यासारखा क्वेताचा ऊर भरून यायचा, आणि भीतीही वाटायची.

त्या वर्षी देशातल्या प्रत्येक बँडला कम्युनिस्ट सरकारच्या समितीपुढे परीक्षा द्यावी लागली. रादिमच्या बँडला समितीने सांगितलं, केस कापा, ते एक गाणं सोडा. रेकॉर्ड काढू, प्रागमध्ये कार्यक्रम देऊ. नाहीतर परवाना विसरा. क्वेता मनातल्या मनात प्रागमधल्या घराच्या खिडकीला पडदे लावून मोकळी झाली.

तो आला तेव्हा तिने कात्रीला धार लावून ठेवली होती.

"कापायचे नाहीत," तो म्हणाला. "शनिवारी गावातल्या कोठारात वाजवायचंय. तेच गाणं. लग्नाच्या मेजवानीत वाजवायला परवाना लागत नाही. फक्त... लग्न हवं."

"कुणाचं?"

आरशात त्याचे डोळे तिच्या डोळ्यांना भिडले. "तू हो म्हणालीस तर — आपलं."

"तुला बायको हवीय की मांडव?"

"दोन्ही. पण बायको आधी."

इतकं निर्मळ बोलला होता बिचारा. पण त्या पडद्यांनी तिचा घात केला.

"आधी केस," ती म्हणाली. "मग लग्न."

तो उठला. ओले केस तसेच घेऊन निघून गेला.

शनिवारी बँडला वाजवता यावं म्हणून त्यांच्या ड्रमवाल्याने आपलं लग्न उरकून घेतलं. क्वेता गेली नाही. गाणं संपायच्या आत पोलिसांनी कोठाराला वेढा घातला.

दोन हिवाळे गेले. मग तशाच पावसात रादिम दारात उभा राहिला. तुरुंगात डोकं भादरलेलं. सरकार त्याला देशाबाहेर घालवत होतं; संध्याकाळची गाडी, आणि परत यायची सोय नाही.

"तुझी अट पुरी केली बघ," तो हसून म्हणाला.

"मग... पुन्हा विचार ना."

"कागद एकट्याचेच दिलेत गं."

तिने त्याच्या गळ्याभोवती पांढरा कपडा बांधला. कापायला काही नव्हतंच. त्या खुंटांवरून ती नुसताच कंगवा फिरवत राहिली. या वेळी तो गप्प होता, आणि शेजाऱ्याचं गाणं तिच्या ओठांवर होतं. पलीकडच्या खुर्चीवरच्या बाई घाबरून खिडकी लावायला उठल्या.

क्वेताने आवाज जरासुद्धा खाली आणला नाही.