बारा वर्षांचा पूर्वरंग

पाऊस यायचे ते दिवसच नव्हते. कार्तिक निम्मा सरलेला, वसईजवळच्या निर्मळची जत्रा तोंडावर आलेली, आणि विनिता ऑफिस सुटल्यावर स्कूटरवरून देवळाकडे निघालेली. कीर्तन सप्ताह सुरू होता. कीर्तन म्हटलं की या मुलीला तहान लागायची ना भूक. तिचे बाबा, चंद्रहासराव, म्हणायचे, "हिला सासर बघायचं तर देवळाला भिंत लागून हवं."

वाटेत एक थेंब नाकावर पडला. मग दुसरा... आणि मग आभाळानं कसलीही विचारपूस न करता ओतायलाच घेतलं.

"पानी आलं! अरे कल्पेश, सुकेळी! पानी आलं!"

रस्त्याकडेच्या केळीच्या वाडीतून एक म्हातारी ओरडत होती. अंगणात बांबूच्या तट्ट्यांवर सोललेली राजेळी केळी वाळत घातलेली. आठवडाभर ऊन खाऊन ती मधासारखी झालेली, आणि आता एका सरीनं सगळं मातीत जाणार. विनितानं स्कूटर कुंपणाला का टेकवली, हे तिला आजही नीट सांगता येत नाही.

"बगते काय बाय? धर ते टोक!" म्हातारीनं तिला घरचीच समजून फर्मावलं.

तिनं टोक धरलं. दुसऱ्या टोकाला एक तरुण होता. केसांतून पाणी गळत होतं आणि हसू ओठांवर थांबायला तयार नव्हतं. दोघांनी तट्टी उचलली, आणि तो एकीकडे निघाला, ती दुसरीकडे.

"इकडे, इकडे!"

"इकडे म्हणजे कुठे? तुमचं इकडे ते माझं तिकडे आहे!"

"पडवी माझ्या मागे आहे. तुम्ही फक्त माझ्याकडे बघत चला."

हे तो अगदी सहज बोलून गेला. मग ते त्याचं त्यालाच ऐकू आलं, आणि त्याचे कान शेंड्यापर्यंत लाल झाले. विनिता मात्र... बघत चालली. तट्टी पडवीत ठेवायची होती, दुसरं कारण काय असणार?

सगळं आत आलं आणि पाऊस थांबला. कमळीआत्यानं, म्हणजे त्या म्हातारीनं, केळीच्या वाळक्या सोपटात बांधलेली सुकेळी तिच्या हातावर ठेवली. "खा. तुज्यामुळं वाचली. टोपलीभर केळी घालावी तवा ओंजळभर हाती लागते बग."

"आत्याचं हे दुकान आहे, बरं का," तो म्हणाला. "ओंजळीचे पैसे पुढच्या वेळी द्या."

"पुढची वेळ आहे हे कुणी सांगितलं?"

"तुम्ही कीर्तनाला निघालात ना? कपाळावर बुक्का आहे तुमच्या, एवढ्या पावसातही टिकलाय."

विनितानं कपाळ पुसलं. मग वाटलं, का पुसलं?

देवळात जाऊन बसली तर समोर बुवांच्या डाव्या हाताला पेटीवर तोच! कोरडा सदरा घालून, सोज्वळ चेहऱ्यानं. कालपर्यंत तिची नजर बुवांवरून कधी हललीच नव्हती. बुवांनी नमन सुरू केलं, पूर्वरंगाचा अभंग घेतला, निरूपण रंगलं. एरवी विनिताला प्रत्येक दृष्टांत पाठ व्हायचा. त्या संध्याकाळी एवढंच कळलं की पेटीवाला मान वर करतो तेव्हा बरोबर तिच्याच रांगेकडे करतो. एकदा तर त्याचं बोट भलत्याच पट्टीवर पडलं. बुवांनी भुवई उंचावली. विनितानं पदराआड हसू लपवलं, आणि मग आठवलं की आज तर पंजाबी ड्रेस आहे, पदर कुठला!

पांडुरंगा, हे काय चाललंय?

दोन दिवसांनी तो तिच्या टेबलासमोर उभा राहिला. विनिता वसईत एका गृहकर्ज देणाऱ्या कंपनीत होती. लोक यायचे, फ्लॅटचं नाव सांगायचे, ती हप्ता सांगायची, लोक खूश व्हायचे.

"सुकेळ्यांचे पैसे मागायला आलात?"

"कर्ज मागायला आलोय." कल्पेश खुर्चीत अवघडून बसला. "गोखिवऱ्याला वन बीएचके बघितलाय. माझा कारखाना तिथून जवळ पडतो. मी सुपरवायझर आहे तिथे. रस्त्याकडची अर्धी वाडी विकायला काढलीय, त्यातून पहिले पैसे भरू. उरलेले तीस लाख... तुमच्याकडून."

"वाडी विकणार? राजेळीची?"

"आत्या म्हणते, शिकलेली, नोकरी करणारी मुलगी वाडीत नांदत नाही. तिला फ्लॅट लागतो."

मुलगी. म्हणजे मुलगी आहे. असणारच. इतका हसरा माणूस काय तिच्यासाठी राखून ठेवला होता? तिनं घाईघाईनं कॅल्क्युलेटर ओढला.

"अभिनंदन. वीस वर्षांसाठी साडेआठ टक्क्यांनी घेतलंत तर हप्ता सव्वीस हजार. तुमच्या पगारात आरामात बसतो."

"हप्ता कळला. एकूण किती?"

"म्हणजे?"

"बुवांनी नमन लांबवलं की मी मनात धरतो, आज आरतीला नऊ वाजणार. पेटीवाल्याला सगळ्या कीर्तनाचा अंदाज लागतो, नाहीतर भाता दमतो. तसं याचं... शेवटापर्यंत एकूण किती?"

असं कधी कुणी विचारलंच नव्हतं. कंपनीत शिकवलं होतं, हप्ता सांगा आणि एकूण विचारलं तर चहा मागवा. विनितानं चहा मागवला. मग गुणाकार केला. पुन्हा केला.

"बासष्ट लाखांच्या वर," ती हळूच म्हणाली.

"तीस लाखांचे?"

"हो... म्हणजे... तसंच असतं. सगळे घेतात."

"तुम्ही गोंधळलात," कल्पेश म्हणाला, आणि त्याच्या आवाजात टोचणी नव्हती, माया होती. तेच जास्त वाईट.

"मी नाही गोंधळले. चहा घ्या."

"हा तुमचाच कप आहे. तुम्ही माझा प्यायलात मघाशी."

त्या रात्री जेवताना तिनं बाबांना विचारलं, "आपल्या गोखिवऱ्याच्या घराचं किती राहिलं?"

चंद्रहासरावांनी आमटीचा भुरका घेतला. "चौदा वर्षं झाली की भरतोय. गेल्या वर्षी विचारलं तर म्हणाले, नऊ राहिली. यंदा विचारलं तर म्हणाले, नऊ राहिली. मधे व्याजदर वाढला, त्यांनी हप्ता तोच ठेवला आणि वर्षं वाढवली. तूच त्या धंद्यातली ना? मला सांग, बाळ, हे घर म्हातारं होतंय की मी?"

बाबा हसले. विनितानं ताट बाजूला सारलं.

आणि गुंता तर पुढेच होता. फाईल मंजूर झाली तर कमिशन तिचं, आणि कल्पेश राहायला येणार तिच्याच बिल्डिंगच्या मागे. रोज दिसेल. त्याची बायकोही दिसेल, गॅलरीत टॉवेल वाळत घालताना... नको! फाईल झाली नाही तर वाडी वाचेल, पण मग तो तिच्या टेबलाशी येणार कशाला? सप्ताह संपला की पेटी खोळीत आणि पेटीवाला आपल्या वाटेनं. खरं सांगावं तर तो जातो. गप्प बसावं तर वाडी जाते, आणि ती वीस वर्षं त्याला खिडकीतून बघत बसते. देवा, यातलं मुद्दल कुठलं आणि व्याज कुठलं?

दुसऱ्या दिवशी कीर्तनात बुवांनी पूर्वरंग भलताच लांबवला. पोथ्या, दृष्टांत, त्यावर आणखी दृष्टांत. शेजारची बाई जांभई देत पुटपुटली, "गोष्ट कधी लागायची गं?" आणि विनिता एकदम ताठ बसली. लख्ख उजेड पडावा तसं झालं. हेच ते! सुरुवातीची वर्षानुवर्षं हप्ता जातो तो सगळा...

आरती झाली. ती देवळाच्या तळ्याच्या पायऱ्यांवर थांबली. पाण्यावर दिव्यांचे ठिपके हलत होते, कुठूनतरी सोनचाफ्याचा वास येत होता. कल्पेश पेटी ठेवून आला.

"माझी फाईल?"

"बसा आधी." तिनं दीर्घ श्वास घेतला. "काल तुम्ही विचारलंत आणि मी चहा पाजला. आज सांगते. तुमचा पहिला हप्ता सव्वीस हजारांचा. त्यातले एकवीस हजार नुसतं व्याज. कर्ज फिटणार जेमतेम पावणेपाच हजारांनी."

"पण पुढे..."

"पुढे पाच वर्षं भरा. साडेपंधरा लाख जातील, आणि मुद्दलातून फिटतील साडेतीन. टोपलीभर केळी आणि ओंजळभर सुकेळी. पूर्वरंगच चालू राहतो हो, गोष्ट लागतच नाही! हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त व्हायला बारा वर्षं लागतात." तिनं पटकन दोन्ही कानांना हात लावले. "बुवांच्या पूर्वरंगानं निदान पुण्य लागतं. हा नुसता खिशाला लागतो."

कल्पेश हसला नाही. त्यानं बोटांवर मोजलं.

"बारा वर्षं. एक तप."

"एक तप. शिवाय व्याजदर वाढला तर हप्ता तोच राहतो आणि वर्षं वाढतात, आमच्या बाबांसारखी. नोंदणी, मुद्रांक, सोसायटीचा मेंटेनन्स वेगळा. घर घेऊच नये असं नाही. पंधरा वर्षांत फेडायचं ठरवलं तर हप्ता साडेतीन हजारांनीच वाढतो, आणि नऊ लाख वाचतात. दर वर्षी एक हप्ता जास्तीचा भरला तरी तीन-साडेतीन वर्षं आधी सुटका. पण वाडी..." तिनं पायरीवरचा एक खडा पाण्यात टाकला. "वाडी विकून हे करायचं की नाही, ते तुमचं तुम्ही ठरवा. त्यांना, तुमच्या होणाऱ्या... त्यांना विचारून."

"कुणाला?"

"मला उशीर होतोय," असं म्हणून विनिता उठली, आणि भलत्याच स्कूटरला चावी लावत बसली. तिसऱ्या खेपेला स्कूटरच्या मालकानं, पीटरअंकलनं, अदबीनं सांगितलं, "पोरी, तुजी ती पलीकडं हाय."

पुढचे दोन दिवस तो ऑफिसात आला नाही. कीर्तनात होता, पण मान खाली घालून. विनितानं मनाशी ठरवलं, झालं ते बरं झालं. खरं बोलल्याचं समाधान मोठं. समाधान इतकं मोठं होतं की तिला रडूच येत होतं.

सप्ताहाचा शेवटचा दिवस. आज स्वयंवराचं आख्यान होतं. विनिता कोपऱ्यात बसली, खांबाआड, जिथून पेटी दिसत नाही. पूर्वरंग संपला, नामघोष सुरू झाला. मध्यंतरात बुवांना हार घालायचा आणि साथीदारांच्या हातात फुलं द्यायची, ही रीत. तेवढ्यात कमळीआत्या फुलांची परडी घेऊन तिच्याशी येऊन टेकली.

"जा गो बाय, तू दे. माजे गुडगे नाय उठत. आमच्याच वाडीतली फुलं हायत. म्हंजे अजून आमची." म्हातारीनं डोळे मिचकावले. "त्यानं बिल्डरला 'नाय' म्हनून सांगितलं. काल म्हनला, आत्या, वाडी राह्यली."

"अगंबाई... खरंच?" विनितानं परडी छातीशी धरली. "पण मग त्या मुलीचं? फ्लॅट नाही म्हटल्यावर ती..."

"कुटली मुलगी?"

"त्यांची ठरलेली!"

"कुटली ठरते!" आत्या फिस्कन हसली. "मीच सांगत व्हते, फ्लॅट घे, मंग कोन तरी येईल. त्याला कोन आवडली असंल तर मला बोलला नाय. पन परवापासनं पोरगा भलतंच वाजवतो. बुवा ओरडले त्याला."

नामघोष चढत होता. टाळ, मृदंग, माणसं... विनिता परडी घेऊन निघाली तेव्हा पायाखाली सतरंजी होती की ढग, तिला कळत नव्हतं. बुवांना हार घातला, वाकून नमस्कार केला. मृदंगवाल्याच्या हातात फुलं दिली. मग पेटी. कल्पेशनं रीतीप्रमाणे ओंजळ पुढे केली आणि मान वर केली.

पेटीवाल्यासाठी आत्यानं परडीत फुलं ठेवलीच नव्हती. दुसरा हारच होता. मोगऱ्या-झेंडूचा, चांगला घसघशीत.

"हे... ओंजळीत मावत नाही," ती कुजबुजली.

"मग?" तो तितक्याच हळू म्हणाला. "एक विचारू? पडवीला पत्रे आहेत, पावसात फार वाजतात. घर जुनं आहे. पण फिटलेलं आहे. तुम्ही... म्हणजे तुम्हाला..."

"एकूण किती वर्षांसाठी?"

"मुदत नाही."

ती गोंधळली होती, हेच खरं. हार हातात द्यायचा की पेटीवर ठेवायचा, समोर सगळं गाव बसलेलं, कान लाल... आणि तिचे हात आपले आपण वर गेले. हार त्याच्या गळ्यात पडला.

टाळ थांबले. खांबाशी बसलेल्या चंद्रहासरावांचा चष्मा नाकावरून घसरला.

बुवांनी चिपळ्या खाली केल्या. "बाळ, स्वयंवर मी आत्ता सांगायला घेणार होतो. तुम्ही आधीच उरकलंत!"

सगळ्या देवळात हशा उसळला. कमळीआत्या तर मांडीवर थापा मारत होती. विनितानं दोन्ही हातांनी तोंड झाकलं, आणि बोटांच्या फटीतून पाहिलं. कल्पेश हारासकट पेटीवर वाकला होता. उत्तररंगाचा पहिला सूर धरायचा होता, आणि त्याचं बोट पुन्हा भलत्याच पट्टीवर पडलं.

या वेळी बुवांनी भुवई उंचावली नाही. त्याच सुरात त्यांनी आख्यान उचललं.