नऊ श्वास

बोलत्या माणसाचे श्वास कापणं हे माझं काम. माहितीपटांचं संकलन करता करता बावीस वर्षं गेली. माणूस अडखळतो, धापा टाकतो. मी मधलं सगळं काढून त्याचं बोलणं सरळ जोडून देतो. कापलेल्या जागी खोलीची शांतता भरावी लागते. म्हणून मुलाखत संपली की सगळ्यांनी गप्प बसून अर्धं मिनिट नुसती खोली ध्वनिमुद्रित करायची, हा आमचा नेम.

एका निवृत्त नर्सबाईंच्या मुलाखतीत ध्वनिमुद्रक नेमकं तेवढंच विसरला.

मग मी आमच्या घरची शांतता घेतली. दुपारी बाबा झोपले होते. खोली तेवढीच, पंखाही तसाच कुरकुरणारा. अर्ध्या मिनिटात बाबांचे नऊ श्वास आले. दुसऱ्या दिवशी कामावर ते एकेक करून पुसले आणि उरलेली शांतता मुलाखतीखाली अंथरली.

संध्याकाळी ताई म्हणाली, "आज एक वाजता बाबांचा श्वासच थांबला होता रे. माझा जीव टांगणीला लागला. थोड्या वेळानं आपोआप आला."

एक वाजता मी ती शांतता पहिल्यांदा वाजवून पाहिली होती. योगायोग, दुसरं काय!

तरी फिल्म देऊन झाल्यावर, प्रदर्शनाच्या दिवशी दुपारी, कामावरून तिला फोन लावलाच.

"बाबांच्या छातीवर हात ठेव."

"का? आता डॉक्टरही झालास वाटतं?"

"ठेव गं."

मी ती शांतता वाजवायची कळ दाबली.

"अरे..." ताईचा आवाज चिरकला. "थांबला!"

मी बंद केलं.

"आला. देवा रे, आला."

मी नऊही श्वास जागच्या जागी बसवले. दिग्दर्शक बाईंना फोन केला.

"नवी प्रत पाठवतो. जुनी दाखवू नका."

"वेड लागलंय का तुला? चार वाजता शो आहे, लोक येऊन बसलेत. आणि काय सुरेख शांतता जमवलीयस रे!"

फोन ठेवला त्यांनी. पुन्हा उचलला नाही. नर्सबाईंची मुलाखत फिल्मच्या सुरुवातीलाच होती. सलग अकरा मिनिटं.

मी घराकडे धावलो. पोचेपर्यंत सव्वाचार झाले; ती अकरा मिनिटं उलटून गेली होती.

बाबा उशीला टेकून बसले होते. दोन वर्षं ज्यांना एक वाक्य धड पुरं करता येत नव्हतं, ते लहानपणी विहिरीत पोहायला शिकल्याची गोष्ट सांगत होते. ताई हसत होती, डोळे पुसत होती.

"बघ ना, आज दमतच नाहीयेत!"

मलाही क्षणभर भरून आलं. मग कान ऐकायला लागले. भल्याभल्या गाणाऱ्यांनाही मध्ये दम घ्यावा लागतो. बाबांचं एक वाक्य दुसऱ्याला चिकटूनच येत होतं.

मी त्यांचा हात धरला. ऊबदार होता.

माझा चष्मा काढला. त्याची काच त्यांच्या नाकाशी धरली.

"काय बघतोस रे?" ते म्हणाले, आणि तसेच पुढे विहिरीच्या पायऱ्या उतरू लागले.

काच कोरडी होती.