अर्धा डबा

एप्रिलचं ऊन माळवदावर नुसतं भाजत होतं. मी जुन्या धोतरावर कुरडया घातल्या होत्या, आणि त्यांच्याच कडेला माझ्या वडिलांच्या, आबांच्या रेडिओचे चार सेल. उन्हात तापवले की मेलेला सेल आणखी दोन दिवस बोलतो, हे आमच्या पेठेत शेंबड्या पोरालाही ठाऊक.

"ओ बाई! तळणार काय हाय? कुरडया का सेल?"

शेजारच्या वच्छलाकाकूंच्या माळवदावर एक उंच, सावळा माणूस एरियलची तार ओढत उभा होता. मी पदर सावरला. "तुम्हाला काय करायचंय?"

"एक फुटलाय की त्यातला. पाणी सुटलंय, बघा..."

खरंच, एका सेलातून चिकट ओल कुरडयांपर्यंत पोचली होती. मी काही बोलायच्या आत तो कठडा ओलांडून आला, चारही सेल रुमालात बांधले आणि माझ्या ओळभर कुरडया खुशाल गोळा केल्या – टाकून द्यायला!

"चोर!"

"तिप्पण्णा म्हणत्यात मला." तो हसला. "चौकात रेडिओचं दुकान हाय."

"सेल मी संध्याकाळी आडात टाकणारच होते."

त्याचं हसू गेलं. "आडात न्हाय. दुधनीला, आमच्या गावात, घरच्या आडात वर्षानुवर्षं टाकले. आता त्या पाण्याला म्हस तोंड लावत न्हाय. कोरडे ठेवा, मला आणून द्या. मी वाळूत घालून बरणीत झाकून ठेवतो."

"आणि मग?"

"मग... मलाबी म्हाईत न्हाय. पण पाण्यात तर जात न्हाईत की."

मग काय, मी जायला लागले. चार सेल संपले तर चार खेपा. एकेका सेलामागे अर्धा तास गप्पा. त्याचं मराठी ऐकून मी हसायची, माझं कानडी ऐकून तो कपाळाला हात लावायचा.

आणि एके दिवशी या शहाण्यानं आबांच्या रेडिओला एक लहानशी पेटी जोडून दिली – एलिमिनेटर. रेडिओ घरातल्या विजेवर चालू, सेल बंद! आबा खूश. मी तरातरा दुकानात गेले.

"आता मी इथं कशाला येऊ?"

त्याचे कान लाल झाले. "ते... ध्यानातच आलं न्हाय."

"मग काढा ती पेटी."

"न्हाय."

"का?"

"सेल कमी व्हायला पाहिजेत की. तुमी यायला दुसरं कायतरी शोधा."

अशा हट्टी माणसाच्या प्रेमात पडू नये. मी पडले.

आणि शोधलं. बिस्किटांचा पत्र्याचा डबा घेऊन पेठेतल्या घराघरांतून मेलेले सेल मागत फिरले. "रामहरीची शकू भंगार गोळा करती गं," बायका हसल्या. हसू दे!

आबांच्या कानावर जायचं ते गेलंच. "रेडिओवाला! तोही कानडी! माझ्या घरात चालायचं नाही." आठ दिवसांत केम गावचं स्थळ बघायला आलं. पाहुणे यायच्या आधी आबा म्हणाले, "तो डबा आडात रिकामा कर. आणि पोह्यांचा ट्रे घेऊन ये."

मी बैठकीत आले ती डबा घेऊन.

"आबा, हा आडात जाणार नाही. ज्याचा आहे त्याला द्यायला निघालेय – आणि परत येणार नाही." केमच्या मुलाला म्हटलं, "तुमचा काही दोष नाही हो."

"उंबरा ओलांडलास तर मेलीस मला!"

ओलांडला.

तिप्पण्णा कुणाचा तरी रेडिओ उघडून बसला होता. "भरला डबा?"

"अर्धाच आहे. भरायची वाट बघितली असती तर आज केमची सुपारी फुटली असती." मी डबा त्याच्यापुढे धरला. "घ्यायचा का? माझ्यासकट?"

त्यानं माझी रेशमी साडी पाहिली, घाम पाहिला... आणि हळूच म्हणाला, "रिकामा असता तरी घेतला असता की."

लग्न दुधनीला लागलं. सासूबाई भराभर कानडीत काय म्हणाल्या ते माझ्या मोडक्या कानडीला कळलं नाही. डोक्यावरचा त्यांचा हात मात्र कळला.

आज दोन वर्षं झाली. पाळण्यात नंदू झोपलाय, तेवढ्यात हे लिहून घेतेय. तो डबा अजून फडताळात आहे – आमच्या घरात सेल जवळजवळ लागतच नाहीत, भरणार कसा?

गेल्या बुधवारी दारात आबा उभे. दोन वर्षांत पहिल्यांदा. मूठ मिटलेली.

"हातातल्या बॅटरीतला सेल संपला," ते भिंतीकडे बघत म्हणाले. "आडात टाकायचा नाही म्हणतेस ना..."

मी माफी मागितली नाही. त्यांनीही नाही. सेल घेतला, डब्यात टाकला. त्यांची नजर माझ्या खांद्यावरून पाळण्याकडे गेली होती.

"बॅटरीत तर दोन असतात, आबा," मी म्हटलं. "दुसरा कुठाय?"

"तो," आबा चपला काढत म्हणाले, "पुढच्या बुधवारी आणीन."